नोंदशब्द नसलेलं कार्ड

टेबलावर डावीकडे परिभाषा कोश, दोन खंड.
दुसऱ्याचा पुठ्ठा सुटला होता, खळ लावून मीच चिकटवला.
त्यावर शुद्धलेखनाचे नियम, त्यावर चष्म्याचं घर.
उजवीकडे टर्किश टॉवेलचा रिकामा खोका,
त्यात माझी कार्डं, एकोणीस वर्षांची,
अ ते ज्ञ, 'स'पाशी जरा दाटी.
शब्दाला चाळीस पैसे मिळायचे
तेव्हापासून हा धंदा.

अक्कलकोट रोडच्या कारखान्याला पाटी हवी होती.
'सूत्रभंग झाल्यास यंत्र तात्काळ निष्क्रिय करावे.'
कोश बघून लिहिलं, ऱ्हस्व-दीर्घ तपासून,
पोटफोड्या ष दोनदा पाहून.
बिल वेळेत मिळालं.

वर्षानं पुन्हा गेले, दुसऱ्या पाटीसाठी.
पहिलीच्या खिळ्याला जेवणाचे डबे लटकलेले,
'भंग'वर शेंगाचटणीच्या तेलाचा डाग.

येमुलमामा जॉबर होते. निवृत्त झाले तरी रोज येतात,
मशीनला हात लावत नाहीत, कानानं तपासतात.
डबे सरकवून त्यांनी वाचलं,
एकेक अक्षर बोटानं धरत.
(तर्जनी पेरभर कमी. पाट्या नव्हत्या तेव्हाची.)
"सूत्र... भंग. लगीन मोडल्यासारखं वाटायलंय बाई.
आणि निष्क्रिय तर मीच की ओ, दिवाळीपासून."
मग तुम्ही काय म्हणता?
"पोगु तेगिंदि. खटका दाब."

तिथंच, बॉबिनच्या पेटीवर बसून, कार्डं लिहिली.
पोगु (ते.) : धागा. एकटा असतो तो.
लाळी (का.) : धोटा.
मग्गम, मग्ग, माग : यांना वेगळं करवेना,
तिघांना एकच रबर लावलं.
खटका : कोशात अर्थ तीन. चौथा माझा :
लाल, उजव्या हाताशी.

कोशाला हसणं सोपं असतं. मीही हसले असते,
पण चहा पिताना मामांनी बोटाची गोष्ट सांगितली.
भरपाईचा अर्ज कन्ना चौकातल्या एकाकडून लिहून घेतला,
दोन रुपये आणि एक विडीचं बंडल देऊन.
त्यानं 'अपघात' लिहायच्या जागी लिहिलं 'चूक'.
चूक कुणाची, एवढंच साहेबांनी विचारलं,
आणि फाईल बांधली.
मामा तेव्हा मराठी वाचत नव्हते. अंगठा दिला,
तो शाबूत होता.

त्या माणसाच्या टेबलावर एक कोश असता तर?
माहीत नाही. कोश असून मी काय लिहिलं होतं
ते समोर लटकत होतंच.

नवी पाटी तीन ओळींची केली.
वर मोठ्या अक्षरात 'धागा तुटला? आधी खटका दाबा.'
खाली तेच तेलुगूत, पूर्वभागातल्या एका मास्तरांकडून तपासून.
सगळ्यात खाली, बारीक, विम्यावाल्यांसाठी, 'सूत्रभंग'.
मॅनेजर म्हणाले, तीन ओळींचे पैसे लागतील का.

तेवढ्यात लाईट गेली.
अठ्ठेचाळीस माग एकदम थांबले,
आणि कान मात्र अजून चालूच,
खटखट नसलेली खटखट ऐकत, पाच-सहा श्वास.
मग कुठं कबुतर ऐकू आलं, कुणाचा खोकला.
मामांना विचारलं, याला काय म्हणतात?
तेलुगूत? कन्नडात? तुमच्यात?
त्यांनी बराच विचार केला.
"काही नाही म्हणत. याचा पगार कापतात."

घरी येऊन कार्ड लिहिलं.
अर्थ पूर्ण आहे, साडेतीन ओळी, विरामचिन्हांसकट.
डावा वरचा कोपरा कोरा.
नोंदशब्द नाही, म्हणजे पहिलं अक्षर नाही,
म्हणजे खोक्यात त्याला जागा नाही.
दोन्ही खंड चाळले, पुठ्ठा परत सुटला.

सध्या ते चष्म्याच्या घरात ठेवलंय.
चष्मा काढताना रोज आधी तेच हाताला लागतं.